पट्टीवरचा पापुद्रा

नऊला पाच कमी असताना लाईट आली. अख्ख्या गल्लीनं "आली!" म्हणून आरोळी ठोकली. कुठे रेडिओ गाण्याच्या मध्यावरच सुरू झाला, कुठे मिक्सर घरघरला, आणि परसात डोन्या एर्सिलियानं, म्हणजे गावाच्या एर्सिलियाबाईनं, हातातला झाडू खाली ठेवला. पहाटेपासून ती स्वतःला बजावत होती, लाईट येऊ दे, मग बघते. आता लाईट आली होती आणि सबब गेली होती.

पत्र्याच्या सावलीत, पाण्याच्या पिंपाशेजारी, वॉशिंग मशीन उभी होती. तिच्या अंगावर एर्सिलियानं स्वतः विणलेलं पांढरं झालरीचं झाकण, आणि वर चिनीमातीचा कोंबडा. नव्या नवरीसारखी नटून ती तीन वर्षं तिथे उभी होती. नांदली मात्र एक दिवसही नव्हती.

हे बॉस्टनच्या लेकीला ठाऊक नव्हतं, आणि लेक आज येत होती. दोनला विमान उतरणार, चारपर्यंत यानिरिस दारात. आठ वर्षांनी.

एर्सिलियानं उभा जन्म लोकांचं धुणं धुतलं. बानी गावाच्या शेतांना पाणी पाजत जो पाट समुद्राकडे जातो, त्याच्या काठचा एक सपाट दगड तिच्याच नावानं ओळखला जायचा. त्या दगडावर, क्वाबाच्या पिवळ्या साबणाच्या वड्या झिजवून, तिनं एकटीनं लेक वाढवली आणि विमानात बसवली. यानिरिस बॉस्टनला एका हॉटेलच्या धुलाईत लागली. "आई, इथे हात लावावाच लागत नाही," ती फोनवर सांगायची. "बटण दाबायचं नि बघत बसायचं. माझे हात बघशील तर डॉक्टरणीचे वाटतील." आणि तीन वर्षांपूर्वी तिनं बोटीनं ही मशीन धाडली. सोबत निरोप होता : आता तुझ्या हातांना रजा.

दर रविवारी फोन यायचा.

"आशीर्वाद, आई."

"देव तुझं भलं करो, पोरी."

"मशीन कशी आहे?"

"मांजरीसारखी घुरघुरते. आज पडदे टाकलेत."

पडदे त्या वेळी बादलीत भिजत असायचे. पहिलं खोटं सुईएवढं होतं. मग प्रत्येक रविवारनं त्यात एकेक दोरा ओवला. चादरी, उशांचे अभ्रे, पाद्रीबाबांचा झगा. तीन वर्षांत त्याची गोधडी झाली, आणि आज ती गोधडी पांघरून यानिरिससमोर उभं राहायचं होतं. यानिरिस रोज अशा मशीनींतच वावरते, झाकण उघडल्याबरोबर तिला कळणार. आत साबणाचा वास नाही, धाग्यांचा पुंजका नाही, कशाचा मागमूस नाही.

म्हणून आज चार वाजायच्या आत मशीननं एकदा तरी धुणं धुवायला हवं होतं.

एर्सिलियानं कोंबडा उतरवला, झाकण काढून घडी घातली, पिंपातलं पाणी बादलीनं मशीनमध्ये ओतलं, चादरी टाकल्या, साबण टाकला. देवाचं नाव घेऊन प्लग खोचला. बटणांच्या पट्टीवर कारखान्यातला प्लास्टिकचा पापुद्रा जसाच्या तसा होता. तो काढणं म्हणजे नवेपण काढणं. तिच्या घरात टीव्हीच्या रिमोटलाही पिशवी होती.

तिनं अजून बोटही लावलं नव्हतं, तोच पट्टीवरचे सगळे दिवे एकदम लुकलुकले. पीं, पीं, पीं. आणि थांबले. मग पुन्हा. पीं, पीं, पीं.

एर्सिलियानं प्लग उपटला, फुंकर मारली, पुन्हा खोचला. पीं, पीं, पीं.

"अगं बाई! मेली की काय ही?"

"कोण मेलं?" कुंपणावरून कोलासाचं डोकं वर आलं. कोलासा चाळीस वर्षांपासूनची शेजारीण, एका घडाच्या केळ्यांची भाजी दोन घरांत वाटून खाल्लेली. तिच्या केसांत गुलाबी रोलर होते.

"मशीन. ओरडतेय नुसती."

"ओरडेल नाहीतर काय! तीन वर्षं उपाशी ठेवलीस. माझ्या म्हाताऱ्याला तीन तास ठेवलं तर तो गाव गोळा करतो."

"हळू बोल गं."

"कशाला हळू? यानिरिस अजून आकाशात आहे, तिला काय ऐकू जातंय?" मग एर्सिलियाचा चेहरा बघून कोलासाचा आवाज उतरला. "थांब. प्लुतार्को मेस्त्रीला बोलावते. दाढी करत असला तरी अर्ध्या दाढीनं येईल."

प्लुतार्को मेस्त्री खरंच अर्ध्या दाढीनं आले. हातात बिस्किटांचा पत्र्याचा डबा, त्यात हत्यारं. साठीचा, हाडकुळा माणूस. गावातला प्रत्येक पंखा आणि प्रत्येक इस्त्री त्यांच्या हाताखालून गेलेली.

"कॉफी नंतर, डोन्या. आधी पेशंट," ते म्हणाले. आधी त्यांनी भिंतीच्या प्लगला दिवा लागणारा टेस्टर लावून बघितला. लाईट ठीक. मग मशीनचा प्लग काढून ते स्टुलावर स्वस्थ बसले.

"बसलात काय, मेस्त्री?"

"पाच मिनिटं हिला झोपू द्यायचं. कधी कधी भांबावतात. झोप झाली की विसरतात."

ती पाच मिनिटं एर्सिलियाला पाटाच्या पाण्यासारखी पुढे पुढे पळताना दिसली. तिनं तेवढ्यात अंगण झाडलं, झाडलेलं पुन्हा झाडलं, चुलीवरचा बकऱ्याचा रस्सा ढवळला, वर चिमूटभर ओरेगानो टाकला, मग आठवलं की मघाशीच टाकला होता. परत आली तेव्हा मेस्त्री प्लग खोचत होते. पीं, पीं, पीं.

"विसरली नाही," मेस्त्री म्हणाले. त्यांनी कुलपाचं चित्र असलेली खूण तीन सेकंद दाबून धरली. झाकण दोनदा उघडून आपटलं. काही नाही. मग डॉक्टरसारखं वर न बघता विचारलं, "आठवड्यातून किती वेळा चालवता?"

कुंपणापलीकडे कोलासा अचानक खोकायला लागली.

"तीनदा," एर्सिलिया म्हणाली. "कधी चारदा."

"तीन वर्षं? मग झिजली असेल. सलिनासच्या मिठागरांचं खारं वारं, त्यात असा वापर." मेस्त्रींनी मान डोलावली आणि वापरलेल्या मशीनला जे जे होतं ते शोधायला सुरुवात केली. पाणी उपसून काढलं. चादरी पिळून बाहेर ठेवल्या. जाळीत धागे अडकलेत का बघितलं. जाळी आरशासारखी. खालचा पट्टा सैल झालाय का बघितलं. पट्टा ताठ. एक एक स्क्रू निघत होता, बिस्किटाच्या डब्याच्या झाकणात खण् खण् पडत होता, आणि सावली परसातल्या जांभळाच्या बुंध्यावरून खाली उतरत होती. अकरा वाजले. साडेअकरा वाजले. एर्सिलिया एकदा दारात जायची, एकदा परसात यायची. वाटेत कुठली गाडी वाजली की तिचे पाय आपोआप तिकडे वळायचे.

ओठांवर जुनी ओळ आली. धुताना यायची तीच :

*पाट वाहे झुळझुळ, दगड माझा शेजारी,*
*लेक गेली दूर देशी, धुणं उरलं माघारी.*

"डोन्या," मेस्त्रींनी मशीनच्या मागून हाक मारली. आवाज निराळा होता. "जरा इकडे या."

त्यांच्या हातात पाणी सोडायची नळी होती. नळीच्या तोंडावर कारखान्याचं निळं टोपण घट्ट बसलेलं. मशीनच्या बुडाखालून त्यांनी थर्माकोलचा ठोकळा ओढला, त्यात पालीनं अंडी घातलेली.

"आठवड्यातून चारदा?" मेस्त्री म्हणाले.

एर्सिलियानं पदराशी चाळा केला असता, पण पदर नव्हता. तिनं एप्रनची गाठ सोडली आणि पुन्हा बांधली.

"मी दोन तास झिजलेल्या मशीनचा रोग शोधतोय, आणि ही तर कुमारी आहे! अहो, पाद्रीबाबांशी खोटं बोलावं, ते माफ करतात. मेस्त्रीशी बोलू नये. आमच्या हाती माफी नसते, फक्त पाना असतो."

"मीच सांगणार होते," कोलासा कुंपणावरून म्हणाली.

"तू फक्त खोकलीस," मेस्त्री म्हणाले.

"मग? तेवढ्यात कळायला नको?"

एर्सिलिया स्टुलावर बसली. "लाईट येते ती बैलासारखी धडकत येते, मेस्त्री. त्या कोपऱ्यावरच्यांचा फ्रिज जळला. म्हटलं, पोरीनं पोटाला चिमटा काढून धाडलीय. जळली तर?" हे खरं होतं, पण सगळं खरं नव्हतं. उरलेलं तिनं गिळलं.

मेस्त्रींना तेवढं पुरलं. आता त्यांचे डोळे पट्टीकडे वळले. चष्मा कपाळावरून नाकावर आला. ते वाकले, पापुद्र्याला नाक लावलं.

"हा बघा तुमचा रोग," ते म्हणाले.

पापुद्र्याखाली, कडेनं, दमट हवा शिरून थेंब साचले होते. मिठाचा पांढुरका नकाशा उमटला होता. एक टपोरा थेंब नेमका सुरू करायच्या खुणेवर बसलेला.

"ही बटणं दाबायची नाहीत, नुसती शिवायची. पाण्याचा थेंबही हिला बोट वाटतो. बिचारीला वाटतंय, कुणीतरी तीन वर्षं बोट ठेवून उभं आहे. म्हणून ओरडतेय. बोट उचला, बोट उचला." मेस्त्रींनी पापुद्र्याचा कोपरा नखानं उचलला.

"अहो, नको!" एर्सिलिया उठलीच. "तो असू दे. ती येईल तेव्हा बघेल तरी, मी किती जपली ते!"

मेस्त्री थांबले. कोपरा चिमटीतच होता. "डोन्या, एक ठरवा. चार वाजता तुम्हाला मशीन वापरलेली दाखवायचीय की कोरी?"

चुलीवर रस्सा रटरटत होता. एर्सिलिया त्या थेंबाकडे बघत राहिली. मग तिनं मेस्त्रींचा हात बाजूला केला आणि पापुद्रा स्वतः ओढला. तो सर्र आवाज करत निघाला. झाडावरून साल सोलावी तसा. हातात गोळा झाला. तो टाकायचा कुठे हे तिला कळेना, म्हणून तिनं तो एप्रनच्या खिशात कोंबला.

पुढचं मेस्त्री सराईतपणे करत गेले. पट्टी मागून उघडली. रुंद वायरीच्या टोकांना हिरवट गंज चढला होता. डब्यातून शाळेतलं खोडरबर काढून त्यांनी ती टोकं एक एक करून खोडली, जशी चुकीची अक्षरं खोडावीत. मग बेरोन मागितलं. डोकं दुखलं की कपाळाला लावायचं ते वासाचं पाणी. त्यानं पट्टी दोन्ही बाजूंनी पुसली, कोरड्या फडक्यानं पुन्हा पुसली. सगळं परस आजारी माणसाच्या खोलीसारखं घमघमलं. मध्येच लाईट गेली. "गेली!" गल्ली कण्हली. दोन तास सगळे नुसते बसले. कोलासानं कॉफी आणली. आपण ती प्यायलो की नाही, एर्सिलियाला आठवलं नाही. साडेतीनच्या सुमाराला लाईट परतली.

प्लग. एक दिवा लागला, शांत, हिरवा. पीं नाही.

"बघा!" मेस्त्रींनी बोट टेकवलं, पट्टी टुण् करून बोलली. बोट टेकवलं, बंद. कोलासा कुंपणाला वळसा घालून धावत आली, तिनंही बोट टेकवलं. टुण्. "अय्या, मला ओळखते!"

"आता तुम्ही, डोन्या. पहिला मान तुमचा."

चादरी पुन्हा आत गेल्या होत्या, साबण होता, पाणी होतं. एर्सिलियानं बोट टेकवलं.

काही झालं नाही.

जरा जोरात टेकवलं. मग दुसरं बोट. मग अंगठा. हिरवा दिवा तिच्याकडे बघत राहिला, अनोळखी माणसानं बघावं तसा.

"असं कसं?" कोलासा म्हणाली आणि तिथूनच हात लांबवून शिवली. टुण्.

एर्सिलियानं हात मागे घेतला. गिळलेलं वर आलं.

"पहिल्या दिवशीही हेच झालं," ती म्हणाली. आवाज तिचा तिलाच लांबून आल्यासारखा. "बोटीवरून आली त्याच दिवशी. सकाळपासून संध्याकाळपर्यंत दाबत होते. मला वाटलं, वर प्लास्टिक आहे म्हणून असेल, पण काढायचा धीर होईना. रात्री पोरीचा फोन आला. चालली का? काय सांगू? तू पाठवलेली मशीन तुझ्या आईला विचारत नाही? म्हटलं, चालली. मांजरीसारखी." तिनं हात उघडून बघितले. तळवे जनावराच्या खुरासारखे, बोटांच्या टोकांवर रेषाच नाहीत. सोड्यानं, साबणानं, दगडानं सगळं पुसून नेलेलं. "झाकण मी मशीनसाठी नाही विणलं, कोलासा. मला ती दिसू नये म्हणून विणलं."

मेस्त्रींनी काहीतरी बोलायला तोंड उघडलं, तेवढ्यात रस्त्यावर हॉर्न वाजला. लांब, मग दोन छोटे. चार वाजत आले होते.

"आली!" कोलासा ओरडली, आणि या वेळी ती लाईटबद्दल बोलत नव्हती.

कुणाला कळायच्या आत यानिरिस घरातून आरपार परसात आली. जाडजूड झालेली, केस सरळ केलेले, अंगात लांब बाह्यांचा शर्ट. उन्हात डोळे बारीक करून ती उभी राहिली, आणि पहिला शब्द तोच निघाला, जो रविवारी निघायचा.

"आशीर्वाद, आई."

"देव तुझं भलं करो, पोरी."

पण डोक्यावर हात आला नाही. एर्सिलियाचे दोन्ही हात पाठीमागे होते. यानिरिस मान वाकवून वाट बघत राहिली.

"आई? हात कुठे ठेवलास? आठ वर्षं फोनवरच घेतला आशीर्वाद, आता तरी हात ठेव."

कोलासानं आकाशाकडे बघितलं. मेस्त्रींनी बिस्किटाचा डबा उगाच हलवला. यानिरिसची नजर फिरली. जमिनीवर निळं टोपण, पालीच्या अंड्यांचा थर्माकोल, दोरीवर हातानं पिळलेल्या पिळाचे टॉवेल, पिंपाशेजारी अर्धी झिजलेली क्वाबाची वडी. मग ती आईच्या मागे गेली, दोन्ही मनगटं धरून पुढे ओढली, आणि ते हात स्वतःच्या गालांवर ठेवले.

"तीन वर्षं," ती हळू म्हणाली. "मांजरीसारखी घुरघुरते म्हणालीस."

"मला विचारत नाही ती, पोरी. सगळ्यांना विचारते. मला नाही."

एर्सिलियाला वाटलं, आता ही रडेल, नाहीतर चिडेल. दोन्हींसाठी ती तयार होती. पण गालावरच्या तिच्या तळव्याखाली यानिरिस हसत होती. विचित्र, ओठ घट्ट धरून. मग तिनं शर्टाच्या बाह्या वर केल्या.

डॉक्टरणीचे हात नव्हते ते. मनगटापासून बोटांपर्यंत लाल भेगा, नखांच्या कडा खाल्लेल्या, टोकांवरची कातडी गुळगुळीत, चकाकती.

"विमानतळावर साहेबानं बोटांचे ठसे मागितले," यानिरिस म्हणाली. "चार वेळा टेकवली बोटं. यंत्र म्हणे, इथे कुणीच नाही. साहेब माझ्याकडे बघतोय, मी साहेबाकडे. शेवटी बाजूला बसवलं अर्धा तास."

"आणि तू म्हणायचीस, नुसतं बटण दाबते!"

"तू म्हणायचीस, पडदे टाकलेत!"

"अगं माझे हात म्हातारीचे. तुझं वय काय?"

"ब्लीचला वय कळतं होय, आई?"

कुणी आधी रागवायचं याचा निकाल लागेना. शेवटी एर्सिलियाच्या तोंडून शब्दांऐवजी ओवीच आली, अर्धी पुटपुटल्यासारखी :

*हात माझे खरखरीत, जशी चिंचेची साल,*
*त्याच हातानं पुसले, लेकी, तुझे गाल.*

"पुस मग," यानिरिस म्हणाली, कारण गाल आता ओले होते. आणि एर्सिलियानं पुसले. एक हात डोक्यावर गेला आणि तिथेच राहिला.

कोलासा नाक शिंकरत म्हणाली, "मेस्त्री, तुमची अर्धी दाढी भिजतेय."

यानिरिसनं आईला मशीनपाशी नेलं. "आमच्या धुलाईत सगळ्या जुन्या बाया असंच करतात. बघ." तिनं आईची तर्जनी धरून पिंपातल्या पाण्यात बुडवली, एकदा झटकली, आणि तशीच ओली पट्टीवर टेकवली.

टुण्.

"हात्तिच्या!" मेस्त्रींनी कपाळावर हात मारून घेतला. "पाण्याचा थेंब म्हणजे बोट, हे सकाळी मीच बोललो, आणि स्वतःच..."

"तुम्ही पुसून पुसून वाळवंट केलंत तिचं," कोलासा म्हणाली.

आत चादरी हलल्या. पाणी एकीकडे गेलं, थबकलं, दुसरीकडे गेलं. एर्सिलिया झाकणाच्या काचेवर वाकून बघत होती. घुरघुर खरंच मांजरीसारखी होती. न बघता तिनं नेमकं सांगितलं होतं, याचं तिला नवल वाटलं. फेस वर येत होता. सकाळपासून एका जागी न ठरणारे तिचे पाय पहिल्यांदा टेकले होते.

मशीन गपकन थांबली. हिरवा दिवा विझला.

"गेली!" सगळी गल्ली एका घशानं कण्हली.

चौघांनी एकमेकांकडे बघितलं. यानिरिस आधी हसली, मग मेस्त्री, मग कोलासा इतकी की तिचा एक रोलर सुटून मशीनच्या झाकणावर पडला. एर्सिलियानं रोलर उचलून कोलासाच्या हातात दिला, झाकण उघडलं, आणि साबणानं जड झालेल्या पहिल्या चादरीचं टोक ओढून बाहेर काढलं.

"धर," ती लेकीला म्हणाली. "हात दुखत असतील तर राहू दे."

"दुखतातच," यानिरिस म्हणाली आणि दुसरं टोक धरून मागे मागे सरत जांभळापर्यंत गेली.

चादर दोघींच्या मध्ये ताणली गेली. आईनं उजवीकडे पीळ घातला, लेकीनं डावीकडे. फेसाळ पाणी सावलीत सांडलं, कोंबडीची पिल्लं पळाली, आणि यानिरिसनं लहानपणी पाटावर ऐकलेल्या चालीत, शब्द आठवत आठवत, काही स्वतःचे घालत म्हटलं :

*एक टोक तुझ्या हाती, दुसरं माझ्या मुठीत,*
*पिळू तसं पाणी सांडे, ठेवू काय ओटीत?*

"चुकलीस," एर्सिलिया म्हणाली. "पीळ सोडू नको. अजून घाल."